खेळाडूचें आत्मनिवेदन : केन ड्रायडनचें ‘द गेम’

खेळाडूंचीं आत्मचरित्रें हा ग्रंथप्रकार वाङ्मयाच्या दरबारांत अजून उंबऱ्याशींच उभा आहे. प्रकाशक तीं हौसेनें काढतात, वाचक तीं आगगाडीच्या प्रवासांत संपवितात, आणि टीकाकार तिकडे ढुंकूनही पाहत नाहींत. याचा सगळा दोष टीकाकारांच्या माथीं मारतां येणार नाहीं. बहुतेक अशा ग्रंथांचा सांचा ठरलेला असतो : ओढगस्तीचें बालपण, अपार मेहनत, वरून कठोर पण आंतून प्रेमळ असा एक गुरु, पहिला मोठा विजय, एक दुखापत, दुसरा मोठा विजय, आणि शेवटीं तरुण पिढीस चार उपदेशाच्या गोष्टी. लिहिणारा हातही बहुधा दुसऱ्याचाच असतो. अशा ग्रंथांत सामन्यांचे आंकडे सांपडतात. माणूस सांपडत नाहीं. या नियमाला जे थोडे अपवाद आहेत, त्यांत कॅनडा देशाचा बर्फावरील हॉकीचा गोलरक्षक केन ड्रायडन याच्या १९८३ सालीं प्रसिद्ध झालेल्या ‘द गेम’ या पुस्तकाची गणना अगत्यानें करावी लागेल.

ड्रायडन हें नांव ऐकतांच इंग्रजी वाङ्मय शिकलेल्या माणसास सतराव्या शतकांतील कवि व टीकाकार जॉन ड्रायडन आठवावा हें साहजिक आहे. या दुसऱ्या ड्रायडनचा त्या घराण्याशीं संबंध जोडण्याचें आम्हांस कांहीं कारण नाहीं. परंतु आपल्याच कलेकडे कारागिराच्या आणि टीकाकाराच्या अशा दोन्ही डोळ्यांनीं पाहण्याची शक्ति या दोघांतही होती, एवढें साम्य नमूद करण्यास हरकत नाहीं. ५ सप्टेंबर २०२५ रोजीं वयाच्या ७८ व्या वर्षीं केन ड्रायडन निवर्तला. त्याच्या आयुष्याचा ग्रंथ आतां पुरा झाला आहे. तेव्हां त्या आयुष्याकडे आणि त्यांतून निघालेल्या या पुस्तकाकडे एकत्र पाहून दोहोंची किंमत ठरविण्याचा प्रयत्न आम्ही येथें करणार आहों.

प्रथम खेळाविषयीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. कारण हॉकी म्हटली कीं आपल्या डोळ्यांपुढें हिरवळ आणि ध्यानचंद उभे राहतात. उत्तर अमेरिकेंतील हॉकी ही गोठलेल्या बर्फावर, पायांत पोलादी पात्यांचे बूट चढवून खेळतात. चेंडूच्या ठिकाणीं काळ्या कठीण रबराची एक चकती असते. एका बाजूचे सहा खेळाडू एका वेळीं बर्फावर असतात. त्यांपैकीं पांच जण वाऱ्यासारखे धांवतात, आणि दर पाऊण-एक मिनिटानें दमून बाहेर येतात व त्यांची जागा दुसरे घेतात. सहावा गोलरक्षक. तो साठ मिनिटें आपल्या जाळीपुढें असतो, व ती चकती त्याच्यावर कधीं कधीं आगगाडीहून अधिक वेगानें येते. सगळ्या गोंगाटांत एकटा, सगळ्या धांवपळींत जवळजवळ एका जागीं, असा हा मनुष्य असतो. पुष्कळ वेळ त्याला पाहण्यापलीकडे कांहीं करावयाचें नसतें. आणि जेव्हां करावयाचें असतें तेव्हां विचार करण्यास अवधि नसतो. या जागेचा ‘द गेम’च्या लेखनपद्धतीशीं फार जवळचा संबंध आहे.

ड्रायडनचा जन्म ८ ऑगस्ट १९४७ रोजीं ऑन्टेरिओ प्रांतांतील हॅमिल्टन येथें झाला, आणि तो वाढला टोरोंटोच्या पश्चिमेस एका उपनगरांत. वडिलांनीं घरामागच्या अंगणांत फरसबंदी करून घेतली होती. तेथें वडील भाऊ डेव्ह आणि आळींतील मुलें यांच्याबरोबर हा रबरी वा टेनिसचा चेंडू अडवीत संध्याकाळ घालवी. डेव्हही पुढें नामांकित गोलरक्षक झाला. १९६४ सालीं, म्हणजे केनच्या वयाच्या सोळाव्या वर्षीं, धंदेवाईक संघांच्या वार्षिक निवडींत बॉस्टनच्या संघानें त्याचें नांव घेतलें, व थोड्याच दिवसांत तें नांव मॉन्ट्रियलच्या संघास देऊन टाकलें. मुलाला या अदलाबदलीचा पत्ता बऱ्याच वर्षांनीं लागला! धंदेवाईक खेळांत माणसाचें मूल्य कसें होतें, याचें हें लहानसें पण बोलकें उदाहरण आहे.

यापुढें जें घडलें तें त्या काळीं नियमाविरुद्ध होतें. होतकरू कॅनेडियन मुलानें कुमारांच्या संघांत जावें, तेथून सरळ धंदेवाईक खेळांत उतरावें, आणि शाळा जमेल तितकी करावी, असा राजमार्ग होता. मॉन्ट्रियलवाल्यांची इच्छाही त्यानें पीटरबरो येथील कुमारसंघांत यावें अशी होती. ड्रायडननें ती मानली नाहीं. तो १९६५ सालीं सरहद्द ओलांडून न्यूयॉर्क संस्थानांतील इथाका गांवीं कॉर्नेल विद्यापीठांत दाखल झाला. कॉर्नेल हें अमेरिकेंतील ज्या आठ जुन्या विद्यापीठांच्या मंडळांत मोडतें, त्या मंडळांत केवळ खेळाबद्दल विद्यार्थिवेतन देण्याची चाल नाहीं. तेथें त्यानें इतिहास हा विषय घेतला व १९६९ सालीं पदवी मिळविली.

कॉलेजांतील त्याची खेळाची कारकीर्द अशी आहे कीं, तिचे आंकडे वाचतांना ते खोटे वाटावेत. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यास मुख्य संघांत खेळण्याची त्या वेळीं मुभा नव्हती. म्हणून त्याच्या वांट्यास तीनच हंगाम आले. त्या तीन हंगामांत नेड हार्कनेस या शिक्षकाच्या हाताखालीं तो खेळला, आणि त्याच्या नांवावर ७६ विजय, ४ पराभव व १ बरोबरी अशी नोंद राहिली. १९६७ सालीं अंतिम सामन्यांत बॉस्टन विद्यापीठाचा ४ विरुद्ध १ असा पराभव करून कॉर्नेलनें पहिल्यानेंच राष्ट्रीय अजिंक्यपद पटकाविलें. पूर्वेकडील कॉलेजांची स्पर्धा त्यानें तिन्ही वर्षीं जिंकून दिली, व तिन्ही वर्षीं सर्व अमेरिकेंतून निवडलेल्या संघांत त्याचें नांव आलें. १९६९ सालचा शेवटचा अंतिम सामना मात्र कॉर्नेलनें डेनव्हर विद्यापीठापुढें एका गोलानें गमावला.

पदवी हातांत पडल्यावरही त्यानें धंदेवाईक संघाकडे धांव घेतली नाहीं. तो कॅनडाच्या हौशी राष्ट्रीय संघांत गेला; तो संघ लौकरच मोडला, तेव्हां मॉन्ट्रियल येथील मॅक्‌गिल विद्यापीठांत कायद्याचा अभ्यास करूं लागला, आणि अभ्यास सांभाळून दुय्यम संघांत खेळूं लागला. मार्च १९७१ मध्यें मुख्य संघानें त्याला बोलावलें. साखळींतील केवळ सहा सामने तो खेळला व सहाही जिंकले. पाठोपाठ बाद फेरींत त्या वर्षींच्या सर्वांत बलाढ्य अशा बॉस्टन संघास, ज्यांत बॉबी ऑर आणि फिल एस्पोझिटो यांच्यासारखे वीर होते, मॉन्ट्रियलनें सात सामन्यांत घरीं पाठविलें. पुढें शिकागोस हरवून स्टॅन्ले चषक जिंकला. आणि बाद फेरीचा सर्वश्रेष्ठ खेळाडू म्हणून या कायद्याच्या विद्यार्थ्याची निवड झाली. नवोदितांत श्रेष्ठ असल्याचें पारितोषिक त्याला पुढच्या वर्षीं मिळालें. श्रेष्ठ आधीं आणि नवोदित मागाहून, असा हा उलटा क्रम आहे!

पुढील कथा थोडक्यांत सांगतों. १९७२ सालीं सोव्हिएट संघाशीं झालेल्या आठ सामन्यांच्या इतिहासप्रसिद्ध मालिकेंत तो चार सामने खेळला. पहिल्या सामन्यांत ७ विरुद्ध ३ असा पराभव त्याच्याच डोळ्यांदेखत झाला, आणि मॉस्को येथील आठव्या सामन्यांत, शेवटच्या ३४ सेकंदांत, झालेला विजयही त्यानेंच दुसऱ्या टोंकाच्या जाळींतून पाहिला. वेतनाच्या वादावरून १९७३-७४ चा सबंध हंगाम त्यानें सोडून दिला व टोरोंटोस वकिलीची उमेदवारी केली. परत आल्यावर १९७६ पासून १९७९ पर्यंत ओळीनें चार वेळां चषक जिंकला. १९७१ व १९७३ चे धरून सहा. साखळींतील ३९७ सामन्यांत २५८ विजय आणि ५७ पराभव, एवढा हिशेब ठेवून एकतिसाव्या वर्षीं, कीर्तीच्या ऐन शिखरावर असतांना, तो बर्फावरून उतरला. त्यानंतर चार वर्षांनीं ‘द गेम’ प्रसिद्ध झालें.

या ठिकाणीं कॉलेजांतील दुसऱ्या एका बर्फवीराची आठवण होणें अपरिहार्य आहे. होबी बेकर हा प्रिन्स्टन विद्यापीठाचा १९१४ सालचा पदवीधर. देखणा, उमदा, हॉकी आणि फुटबॉल या दोन्ही खेळांत अद्वितीय. धंदेवाईक खेळाकडे पाठ फिरविणारा. पहिल्या महायुद्धांत विमान चालविण्यास गेला, आणि युद्ध संपल्यावर, घरीं परतण्याचा हुकूम हातीं आलेला असतांना, २१ डिसेंबर १९१८ रोजीं फ्रान्समधील तूल येथें विमान कोसळून वयाच्या सव्विसाव्या वर्षीं मरण पावला. कादंबरीकार स्कॉट फिट्झजेराल्ड हा प्रिन्स्टनमध्यें त्याच्या मागून आला; ‘धिस साइड ऑफ पॅरॅडाइज’ या १९२० सालच्या कादंबरींतील फुटबॉलनायक ॲलनबी हा बेकरवरूनच घेतला आहे, आणि मुख्य नायकाचें ‘अमोरी’ हें नांवही बेकरच्या लांबलचक नांवाचाच एक तुकडा आहे. १९८१ पासून अमेरिकेंतील सर्वोत्तम कॉलेज-हॉकीपटूस बेकरच्या नांवाचें पारितोषिक देण्यांत येतें.

बेकरचें चरित्र दुसऱ्यांनीं लिहिलें, आणि लिहितां लिहितां त्याची मूर्ति केली. मूर्तीस मन नसतें, व तिला भीति वाटत नाहीं. फिट्झजेराल्डसारख्या प्रतिभावंतासही तो दुरून, संध्याकाळच्या अंधुक उजेडांतच दिसला; खेळतांना त्या तरुणास काय वाटत होतें, कंटाळा येत होता कीं नाहीं, हरण्याची धास्ती रात्रीं झोंप मोडीत होती कीं नाहीं, हें कोणासही कळलें नाहीं. कॉलेजांतील खेळाडू म्हणजे अवघ्या तारुण्याचें प्रतीक, आणि प्रतीकानें वेळेवर मरावें, ही त्या काळची रीति होती. ड्रायडनही मूर्ति होण्याच्या मार्गावर होता. खेळ थांबला असतां उभ्या धरलेल्या काठीच्या टोंकावर दोन्ही हात व हनुवटी टेंकून तो उभा राही. ती त्याची छबी सगळ्या देशाच्या परिचयाची झाली. शांत, निर्विकार, स्थितप्रज्ञ असें वर्तमानपत्रांनीं तिचें वर्णन केलें. ‘द गेम’चें पहिलें सामर्थ्य हें कीं, त्या मूर्तीनेंच तोंड उघडलें, आणि आपण स्थितप्रज्ञ नाहीं हें स्वच्छ सांगितलें.

पुस्तकाची रचना वरून साधी आहे. १९७८-७९ च्या अखेरच्या हंगामांतील लागोपाठच्या कांहीं दिवसांची ही दिनचर्या. प्रकरणांस वारांचीं नांवें आहेत. सराव, प्रवास, हॉटेल, बस, कपडे बदलण्याची खोली, थट्टामस्करी, सामना, पुन्हां प्रवास. मोठ्या सामन्यांवर पुस्तकाची उभारणी करण्याचा मोह लेखकानें टाळला आहे, आणि यांतच त्याची वाङ्मयीन जाण दिसून येते. विजयाचें वर्णन सोपें असतें, कारण तें आधींच घडलेलें असतें. परंतु मंगळवारचा सराव हा कोणाच्याच लक्षांत न राहणारा विषय आहे, आणि खेळाडूच्या आयुष्यांत असे मंगळवारच फार. हा संघ १९७६-७७ सालीं ८० सामन्यांत केवळ ८ हरला होता. अशा संघास जिंकण्याचा आनंद पुरेसा होत नाहीं, हरण्याची भीति मात्र पुरेपूर वाटते. यश हें हळूहळू ओझें होतें. हा अनुभव ड्रायडननें इतक्या निर्दयपणें उकलला आहे कीं, खेळाशीं काडीचाही संबंध नसलेल्या वाचकास आपल्या धंद्यांतील, आपल्या संसारांतील एखाद्या स्थिर झालेल्या यशाची आठवण होऊन अंमळ अस्वस्थ वाटावें.

व्यक्तिचित्रें हा या पुस्तकाचा दुसरा मोठा गुण होय. गी लाफ्लर हा त्या संघाचा मुकुटमणि. त्याचें चित्र लेखक गोल करण्याच्या क्षणीं काढीत नाहीं. सराव सुरू होण्यापूर्वीं, रिकाम्या प्रेक्षागारांत, लाफ्लर एकटाच बर्फावर चकतीशीं खेळत आहे, कोणी पाहत नाहीं, कोणी सांगितलेलें नाहीं, अशा वेळीं काढतो. बॉब गेनी याचें चित्र याच्या बरोबर उलट. गेनीच्या नांवावर गोल फारसे नाहींत. प्रतिस्पर्ध्याच्या श्रेष्ठ खेळाडूस जखडून टाकणें हें त्याचें काम, आणि अशा बचावकुशल पुढच्या फळींतील खेळाडूसाठीं १९७८ सालीं नवें पारितोषिक निघालें तें पहिलीं चार वर्षें त्यालाच मिळालें. आंकड्यांत न दिसणारा गुण शब्दांत दाखविणें हें लेखकाचें खरें काम. येथें तें साधलें आहे. शिक्षक स्कॉटी बोमन याच्याविषयीं लिहितांना तर ड्रायडननें फार कठीण गोष्ट केली आहे. ज्याच्याविषयीं प्रेम वाटणें सोपें नाहीं, त्याच्याविषयीं आदर कसा वाटतो हें त्यानें दाखविलें आहे, आणि तें करतांना निंदा व स्तुति या दोहोंपासून सारखेंच अंतर ठेवलें आहे. अशा वेळीं गोलरक्षकाची जागा लेखकास उपयोगी पडते. साठ मिनिटें मागें उभें राहून दुसऱ्यांस पाहण्याची ज्यास संवय झाली, त्याला व्यक्तिचित्राची निम्मी विद्या आपोआप आलेली असते.

आतां पुस्तकांतील मुख्य विचाराकडे वळूं. कारण ‘द गेम’ला टीकाग्रंथाची योग्यता या विचारामुळें आली आहे. ड्रायडन विचारतो : लाफ्लरसारखा खेळाडू कोठून येतो? क्वेबेकमधील थर्सो या लहान गांवांत, घरच्या व शेजारच्या बर्फावर, वेळापत्रकाबाहेरच्या तासांत तो घडला, असें त्याचें उत्तर आहे. पूर्वीं कॅनडाचीं मुलें नदीवर, तळ्यावर, अंगणांत, रस्त्यांत अगणित तास खेळत. पुढें सुबत्ता आली, उपनगरें वाढलीं, बंदिस्त बर्फागारें झालीं. मुलांच्या खेळास पंच, गणवेश, तक्ते आणि ठराविक घटका मिळाल्या. वडील मंडळींनीं मुलांच्या भल्यासाठींच हें केलें. परंतु ठराविक घटकेंत मुलगा चूक करण्यास भितो. जें येतें तेंच करतो. आणि नवें कांहीं सुचण्यास जी सैल, निरर्थक वाटणारी फुरसत लागते ती त्याला उरत नाहीं. प्रतिभेचें मूळ फुरसतींत आहे, आणि सुव्यवस्थेच्या नादांत समाज तीच फुरसत खुडून टाकीत आहे, हा ड्रायडनचा सिद्धांत.

या सिद्धांतावर एक वजनदार आक्षेप येतो, आणि तो लेखकाच्याच पुस्तकांतून उभा राहतो. ज्या सोव्हिएट खेळाडूंच्या कौशल्यापुढें तो मान लववितो, ते कांहीं फुरसतींत घडले नव्हते. त्यांचा लष्करी संघ वर्षांतील बहुतेक महिने छावणींत कडक शिस्तीखालीं राहून सराव करी. शिवाय ज्या अंगणांत ड्रायडन स्वतः घडला, तें वडिलांनीं मुद्दाम बांधून दिलेलें होतें. आणि कॉर्नेलचा हार्कनेस कांहीं ढिला गुरु नव्हता. मग व्यवस्थेनें प्रतिभा मरते हें खरें कसें मानावें? आमच्या मतें सिद्धांत टाकून देण्याचें कारण नाहीं. त्याची मांडणी मात्र थोडी बदलली पाहिजे. प्रश्न व्यवस्था असावी कीं नसावी हा नाहीं. चुकीची किंमत काय पडते हा आहे. अंगणांत चुकलें तर हंसें होतें, आणि चेंडू पुन्हां येतो. रशियन शिक्षकांनीं सरावाचे तास इतके वाढविले कीं त्यांतही चुकून पाहण्यास जागा राहिली असावी. आठवड्यांतून दोन तासांच्या बर्फावर मात्र प्रत्येक चूक ही हरलेला सामना होते. जेथें चूक स्वस्त असते तेथें माणूस शिकतो, मग तेथें पहारा असो वा नसो. या दुरुस्तीसह ड्रायडनचा विचार आम्ही मान्य करतों. अध्यापनाच्या धंद्यांत ज्यांचा जन्म गेला आहे, त्यांस तो केवळ हॉकीपुरता वाटणार नाहीं. दर पंधरवड्यास गुण मोजून ज्यांच्या उत्तरपत्रिका आपण बांधून ठेवतों, त्या मुलांनीं चुकावें कधीं, हा प्रश्न कोणत्याही देशांतील शिक्षकानें स्वतःस विचारावा असाच आहे.

स्थळकाळाचें भान हा पुस्तकाचा आणखी एक गुण. मॉन्ट्रियल हें फ्रेंच भाषिकांचें शहर, आणि ड्रायडन तेथें इंग्रजी बोलणारा, दुसऱ्या प्रांतांतून आलेला. १५ नोव्हेंबर १९७६ रोजीं क्वेबेकच्या स्वतंत्रतेची मागणी करणारा पक्ष प्रांताची निवडणूक जिंकला. त्या रात्रीं सामना चालू होता. एकाच छताखालीं एकाच संघासाठीं टाळ्या देणारे लोक त्या निकालानें कसे दुभंगले, हें लेखकानें पाहिलें आणि मांडलें. आपण त्या लोकांचे लाडके आहों, पण त्यांपैकीं नाहीं, ही जाणीव तो लपवीत नाहीं. खेळ लोकांस एकत्र आणतो असें भाषणांत सांगतात. तो किती वेळ व कितपत एकत्र आणतो, हें या पानांवरून कळतें.

दोषांकडे डोळेझांक करणें मित्रत्वाचें असलें तरी टीकेचें नव्हे. पहिला दोष असा कीं, लेखकांतील वकील कधीं कधीं लेखकांतील चित्रकारास बाजूस सारतो. खेळाच्या इतिहासाचें, पुढें चकती देण्याच्या नियमाचें आणि दांडगाईच्या कारणांचें जें लांब विवेचन मध्येंच येतें, तें स्वतंत्र निबंध म्हणून मोलाचें आहे. परंतु दिनचर्येचा ओघ त्यामुळें तुटतो, आणि ज्यानें हा खेळ कधीं पाहिला नाहीं त्याची दमछाक होते. दुसरा दोष पहिल्याहून सूक्ष्म आहे. ड्रायडन स्वतःविषयीं पुष्कळ सांगतो. परंतु सांगतांना तो सतत स्वतःची उलटतपासणी घेतो. प्रत्येक भावनेस साक्षीदाराच्या पिंजऱ्यांत उभें केल्यावर ती खरी बोलते, पण थरथरून जात नाहीं. आनंदाचे क्षण यामुळें किंचित् फिके पडले आहेत. तिसरें असें कीं, पुस्तकाचा सारा भर मॉन्ट्रियलवर असल्यानें कॉलेजच्या वर्षांवर प्रकाश कमी पडला आहे. ज्या निर्णयानें हा मनुष्य इतरांहून वेगळा झाला, त्या निर्णयाचें सविस्तर चित्र आम्हांस हवें होतें.

परंतु कॉलेजनें त्याला काय दिलें, हें वर्णनांतून कमी कळलें तरी पुस्तकाच्या वळणांतून पुरतें कळतें. विद्यापीठांनीं खेळाडू पाळावेत कीं नाहींत, हा वाद अमेरिकेंत जुना आहे. एक पक्ष म्हणतो कीं, असा विद्यार्थी हा नांवाचाच विद्यार्थी. संस्थेनें त्याची शक्ति वापरावी आणि त्याच्या हातीं एक कागद द्यावा. हा आरोप पुष्कळ ठिकाणीं खरा आहे. दुसरा पक्ष म्हणतो, खेळानें शील घडतें. हें वाक्य आम्हांस कधींच पटलेलें नाहीं, कारण शील बिघडल्याचीं उदाहरणेंही मैदानावर तितकींच सांपडतात. ड्रायडनच्या उदाहरणावरून निघणारें अनुमान याहून साधें आहे. इतिहासाच्या अभ्यासानें त्याला जी एक संवय लागली असेल ती ही, कीं आपण ज्यांत उभे आहों तें नेहमींच असें होतें असें मानूं नये; तें असें कां झालें, त्यानें कोणाचा फायदा झाला, आणि काय हरवलें, हें विचारावें. ही संवय जाळीपुढें उपयोगाची नाहीं. तेथें ती नडतच असेल. परंतु ती संवय नसती तर एक उत्तम गोलरक्षक एकतिसाव्या वर्षीं निवृत्त झाला एवढीच गोष्ट उरली असती.

त्याच्या पुढच्या आयुष्यानेंही हीच साक्ष दिली. त्यानें शाळेविषयीं पुस्तक लिहिलें. २००४ सालीं तो कॅनडाच्या लोकसभेवर निवडून आला. मंत्री म्हणून लहान मुलांच्या संगोपनाची देशव्यापी योजना त्यानें प्रांतांशीं करार करून उभी केली, आणि २००६ सालीं सरकार बदलल्यावर ती गुंडाळली गेलेली पाहिली. २०१७ सालच्या ‘गेम चेंज’ या ग्रंथांत स्टीव्ह मॉन्टाडोर या खेळाडूची कथा आहे. मेंदूला वारंवार बसलेल्या धक्क्यांचा धनी झालेला हा खेळाडू २०१५ सालीं पस्तिसाव्या वर्षीं मरण पावला. ती सांगून ड्रायडननें खेळाच्या चालकांस बजावलें कीं, आघात कसे होतात हें आतां ठाऊक झालें आहे. तेव्हां नियम न बदलण्यास सबब उरलेली नाहीं. ज्या खेळानें आपणांस सर्व कांहीं दिलें, त्यालाच आरोपीच्या जागीं उभें करण्यास मोठें धैर्य लागतें. ‘द गेम’मध्यें जो प्रश्न फुरसतीविषयीं होता, तोच येथें डोक्याविषयीं झाला आहे : मोठ्यांच्या व्यवस्थेंत खेळणाऱ्याचें काय होतें?

होबी बेकरच्या नांवाचें पारितोषिक दरवर्षीं एका तरुणास मिळतें, आणि मिळत राहो. परंतु खेळाडूची स्मृति टिकविण्याचे मार्ग दोन आहेत : एक त्याची मूर्ति करण्याचा, दुसरा त्याला बोलूं देण्याचा. पहिल्या मार्गानें आपणांस आदर्श मिळतो; दुसऱ्यानें ज्ञान मिळतें. ज्यांस बर्फ ठाऊक नाहीं, हा खेळ ठाऊक नाहीं, त्या सहा चषकांचें कांहीं वाटत नाहीं, अशा मराठी वाचकासही ‘द गेम’ वाचून एक गोष्ट पक्की कळेल. आपलें काम उत्तम करणारा मनुष्य आणि आपलें काम समजून घेणारा मनुष्य हे बहुधा दोन असतात. क्वचित् ते एक होतात, आणि तेव्हां असें पुस्तक निर्माण होतें.